फांद्यांचं प्रवाळ ओळखताना: पोसिलोपोराच्या नावामागचा घोळ

मालवणला किल्ल्याच्या आसपास स्नॉर्केलिंग करून वर आलेला पर्यटक गाईडला हमखास विचारतो, लक्षद्वीपला दिसतात तशी फांद्याफांद्यांची प्रवाळं इथे का नाहीत हो? दोष पाण्याचा. पावसाळ्यात नद्या आणि खाड्या गाळ आणून ओततात, किनाऱ्यालगतचं पाणी गढूळ होतं, खारटपणा उतरतो. असल्या पाण्यात पोराइट्स, गोनिअ‍ॅस्ट्रिया, टर्बिनेरिया अशी खडपाला धरून राहणारी, गोलसर किंवा पसरट, चिवट प्रवाळंच तगतात. १९८७ साली इथे सागरी अभयारण्य जाहीर झालं, ते याच खडपांसाठी आणि त्यांच्या आसऱ्याने राहणाऱ्या जीवांसाठी.

पुढचा प्रश्न मोबाईलवरचा फोटो दाखवून येतो: मग हे कोणतं? फोटोत गुलाबी-तपकिरी, बुटकं झुडूप असेल तर उत्तर बहुधा ‘पोसिलोपोरा डॅमिकॉर्निस’ असं मिळतं. ते बरोबर असू शकतं. पण या नावाने तज्ज्ञांनाही बराच काळ चकवलंय.

प्रवाळ हा प्राणी आहे, हेच मुळात उशिरा पटलं. मार्सेयचा वैद्य पेसोनेल याने १७२०च्या दशकात तसं मांडलं, तेव्हा पॅरिसच्या विज्ञान अकादमीने ते मनावर घेतलं नाही. तोवर ती समुद्रातली झाडंच मानली जात. (मंगळाच्या अंगठीतलं पोवळं हे वेगळंच प्रकरण. ते आठ स्पर्शकांच्या प्रवाळांच्या घराण्यातलं. पोसिलोपोरासारख्या दगडी प्रवाळांशी त्याचं नातं दूरचं.) १७५८ मध्ये जीवांच्या शास्त्रीय नावांची पद्धत रुजवणाऱ्या लिनियसने आपल्या प्रवाळाला ‘मिलेपोरा डॅमिकॉर्निस’ म्हटलं. मिलेपोरा हे नाव आज अंगाची आग करणाऱ्या ‘फायर कोरल’चं आहे, आणि ते दगडी प्रवाळच नव्हे. फ्रेंच निसर्गशास्त्रज्ञ लामार्कने १८१६ मध्ये पोसिलोपोरा ही प्रजाती (म्हणजे जवळच्या जातींचा गट) वेगळी काढली आणि तिच्यात ‘अक्युटा’ नावाची एक जातही नोंदवली. हे दुसरं नाव लक्षात असू द्या.

पुढची शंभर-सव्वाशे वर्षं नावांचा नुसता पूर आला. संग्रहालयात पोचायचे ते पांढरे, मेलेले सांगाडे. ते जिवंतपणी किती खोलीवर होते, लाटेत होते की आडोशाला, हे बघणाऱ्यालाही माहीत नसायचं. फांदी जरा जाड दिसली की नवी जात! श्वासयंत्र लावून बुडी मारणं सोपं झाल्यावर चित्र पालटलं. व्हेरॉन आणि पिशोन या प्रवाळतज्ज्ञांनी पूर्व ऑस्ट्रेलियातल्या प्रवाळांवरच्या ग्रंथाच्या १९७६ च्या पहिल्या भागात दाखवलं की एकच जात लाटांच्या माऱ्यात आखूड नि दणकट वाढते, तर शांत पाण्यात बारीक आणि मोकळी. मग अनेक नावं एका डॅमिकॉर्निसखाली आली. अक्युटाही त्यात गेलं.

इथे मात्र काटा दुसऱ्या टोकाला गेला. डीएनए तपासल्यावर एका नावाखाली निदान दोन वेगळ्या जाती निघाल्या, आणि वर्गीकरणाच्या २०१४ च्या फेररचनेत अक्युटाला आपलं नाव परत मिळालं. मधल्या काळात डॅमिकॉर्निस हा प्रयोगशाळांचा लाडका प्राणी झाला होता. त्याच्या अळ्या, पाणी तापल्यावर होणारं विरंजन (रंग उडून पांढरं पडणं), सगळ्यावर ढीगभर लेख निघाले, आणि त्यातले कितीतरी प्रत्यक्षात अक्युटावरचे आहेत. जुनी यादी वाचताना म्हणूनच ती कोणत्या सालची आहे ते आधी बघावं.

प्रजातीपर्यंत पोचणं त्या मानाने सोपं. फांदीचं टोक बघायचं. प्रवाळाचा एकेक इवला जीव म्हणजे पॉलिप, आणि तो बसतो ती खोबण म्हणजे पेला. टोकावर एकच मोठा पेला आणि बाजूने लहान पेले असतील तर ती अ‍ॅक्रोपोरा ही वेगळी प्रजाती. फांदी त्या टोकाच्या पॉलिपच्या पुढे पुढे वाढण्यातून लांबते. पोसिलोपोरात असा म्होरक्या नसतो. तिथे अंगभर चामखिळीसारखे उंचवटे असतात आणि त्यांच्यावर नि मधल्या भागात साधारण एक मिलिमीटरचे पेले दाटीने बसलेले. डॅमिकॉर्निस आणि अक्युटात हे उंचवटे नेमके कुठे संपतात आणि बारीक फांद्या कुठे सुरू होतात, तेच सांगता येत नाही. ‘व्हेरुकोसा’ या पोसिलोपोराच्याच आणखी एका जातीत ते ठसठशीत वेगळे दिसतात. रंगावर मात्र जाऊ नये. पॉलिपच्या आत राहणाऱ्या शैवालामुळे तो बराचसा ठरतो, आणि ऊन-खोलीनुसार बदलतो.

तेव्हा फोटो काढायचे तर तीन हवेत: अख्खी वसाहत, फांदीचं टोक, आणि शेजारी मोजपट्टी धरून पेल्यांचा अगदी जवळून. सोबत खोली आणि जागा लाटेची की आडोशाची, एवढं टिपून ठेवावं. फांदी तोडून आणायचा मोह नको. सगळी दगडी प्रवाळं २००१ पासून वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत आहेत, नमुना परवानगीशिवाय घेता येत नाही. म्हणजे डीएनएची वाट हौशी माणसाला बंदच. फोटोखाली नुसतं ‘पोसिलोपोरा’ लिहिलं तरी नोंद पक्की ठरते. डॅमिकॉर्निस की अक्युटा, हे नुसत्या आकारावरून ठासून सांगणारा गाईड भेटला तर मी त्याच्यावर विश्वास ठेवणार नाही.