'रहस्यपटांचा बादशहा' हे बिरूद आणि हिचकॉकची समीक्षा

ऑक्टोबर १९५४ मध्ये पॅरिसच्या एका चित्रपटविषयक मासिकानं आपला अख्खा अंक चित्रपटदिग्दर्शक आल्फ्रेड हिचकॉकला वाहिला. मासिक तेव्हा जेमतेम तीन वर्षांचं होतं आणि त्यात लिहिणारी मंडळी पंचविशीच्या आसपासची. हिचकॉक म्हणजे तिकीटबारीवर चालणारा कसबी करमणूकदार, यापलीकडे त्याचा विचार करायची गरज बहुतेकांना वाटत नव्हती. खुद्द त्या मासिकाच्या संस्थापक-संपादकांनाही आपल्या तरुण सहकाऱ्यांचं म्हणणं पुरतं पटलं नव्हतं. त्याच वर्षी फ्रान्सच्या दक्षिण किनाऱ्यावर चित्रीकरण चालू असताना ते हिचकॉकला भेटले. चित्रपटांत दडलेल्या गहन आशयाबद्दल त्यांनी विचारलं आणि बहुतेक वेळा उत्तर मिळालं ते तंत्राबद्दल. समीक्षक आशय शोधतो आणि दिग्दर्शक कॅमेऱ्याविषयी बोलतो, ही ओढाताण पुढच्या सगळ्या लिखाणात दिसते.

त्याआधी हिचकॉकवर कुणी लिहिलंच नव्हतं असं नाही. मूकपटांच्या काळात लंडनच्या वृत्तपत्रांनी त्याचं कौतुक केलं होतं. १९३९ मध्ये तो अमेरिकेला गेला, तेव्हापासून ब्रिटिश समीक्षकांचा सूर 'चांगलं होतं ते मागेच राहिलं' असा लागला. 'रेबेका'ला १९४० च्या सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं ऑस्कर मिळालं, पण दिग्दर्शनाचं मिळालं नाही. पाच वेळा नामांकन होऊनही ते त्याला कधीच मिळालं नाही.

फ्रेंच अंकातल्या दोन तरुणांनी १९५७ मध्ये हिचकॉकच्या तोवरच्या चव्वेचाळीस चित्रपटांवर एक छोटं पुस्तक लिहिलं. पुढे दोघंही नावाजलेले दिग्दर्शक झाले. 'अपराधाचं हस्तांतर' ही त्यांची मुख्य कल्पना. गुन्हा एकाचा, पण त्याचं ओझं दुसऱ्याच्या मानेवर, आणि तो दुसराही मनातून पुरता निर्दोष नाही. 'स्ट्रेंजर्स ऑन अ ट्रेन'मध्ये आगगाडीत भेटलेला अनोळखी माणूस खुनांची अदलाबदल सुचवतो. 'आय कन्फेस'मध्ये कबुलीजबाब ऐकलेला धर्मगुरू स्वतःवर आळ आला तरी तोंड उघडू शकत नाही. दोन्ही चित्रपटांना हे सूत्र चपखल बसतं. दोन्ही लेखक कॅथलिक होते, हिचकॉकही कॅथलिक संस्कारांत वाढलेला, त्यामुळे पाप, कबुली आणि मुक्ती यांची भाषा पुस्तकात जागोजाग येते. ती काही ठिकाणी ओढूनताणून आणल्यासारखी वाटते. तरीही या दिग्दर्शकाच्या सगळ्या कामातून एकच नैतिक धागा जातो, हे पहिल्यांदा मांडण्याचं श्रेय त्या दोघांनाच द्यावं लागेल.

इंग्रजीत हा विचार रुजायला वेळ लागला. 'सायको' आल्यावर एका ब्रिटिश शाळाशिक्षकानं त्यावर गंभीर लेख लिहिला. लंडनच्या प्रतिष्ठित चित्रपट-त्रैमासिकानं तो परत पाठवला. लेखकाला हा चित्रपट म्हणजे एक विनोद आहे हे कळलेलं नाही, असं संपादकांचं मत. लेख शेवटी पॅरिसच्या त्याच मासिकानं १९६० मध्ये फ्रेंचमध्ये छापला. याच शिक्षकाचं पुस्तक १९६५ मध्ये आलं आणि त्याची सुरुवातच 'हिचकॉकला गंभीरपणे का घ्यायचं?' या प्रश्नानं झाली.

दरम्यान ऑगस्ट १९६२ मध्ये त्याच पॅरिसच्या मासिकातला समीक्षक आणि एव्हाना दिग्दर्शक झालेला फ्रान्स्वा त्रुफो हॉलिवूडला गेला, हिचकॉकसमोर आठवडाभर बसला आणि एकेक चित्रपट घेऊन प्रश्न विचारत राहिला. हे संभाषण १९६६ मध्ये फ्रेंचमध्ये आणि पुढच्या वर्षी इंग्रजीत पुस्तकरूपानं आलं. धक्का आणि सस्पेन्स यांतला फरक दाखवणारा, टेबलाखालच्या बॉम्बचा जगभर सांगितला जाणारा दाखला त्यातलाच. चार माणसं गप्पा मारताहेत आणि अचानक स्फोट होतो, तर प्रेक्षकाला पंधरा सेकंदांचा धक्का बसतो. पण बॉम्ब ठेवलेला त्यानं आधीच पाहिला असेल आणि भिंतीवरचं घड्याळही त्याला दिसत असेल, तर त्याच साध्या गप्पा त्याला पंधरा मिनिटं असह्य होतात.

इथे मराठीतल्या एका शब्दाचा गुंता सोडवायला हवा. आपल्याकडे हिचकॉकच्या नावामागे 'रहस्यपटांचा बादशहा' हे बिरूद इतकं घट्ट बसलं आहे की त्याचा अर्थ कुणी तपासत नाही. वाचनालयातून रहस्यकथा आणून वाचणाऱ्या पिढ्यांना 'रहस्य' म्हणजे काय ते नेमकं ठाऊक आहे: खून झाला, संशयित पाच-सहा, खरा कोण ते शेवटच्या पानावर. हिचकॉकला नेमका हाच प्रकार नकोसा होता. अशा कथेत भावना नसते, नुसतं कोडं असतं, असं तो म्हणे. त्याच्या बहुतेक चित्रपटांत प्रेक्षकाला पात्रांपेक्षा जास्त माहीत असतं. 'सायको' हा मोठा अपवाद, आणि बिरुदाला बळ मिळालं ते बहुधा याच चित्रपटामुळे. 'थरारपट' हा नवा शब्दही धक्क्याकडेच झुकतो. खरं तर सस्पेन्ससाठी मराठीत नेमका वाक्प्रचार आहे: जीव टांगणीला लागणं. इंग्रजी शब्दाच्या मुळातही टांगण्याचाच अर्थ आहे. रहस्यात वाचकापासून काहीतरी लपवलेलं असतं. टांगणीला लागलेल्याला मात्र सगळं दिसत असतं, फक्त हात लावता येत नसतो. हा भेद विसरून हिचकॉक वाचला की समीक्षेतला सगळ्यात मोठा वाद कळतच नाही.

तो वाद 'व्हर्टिगो'मधल्या एका प्रसंगाचा आहे. नायकाची प्रेयसी मनोऱ्यावरून पडून मेली असं त्याला वाटतं, आणि पुढे तिच्यासारखीच दिसणारी ज्युडी त्याला भेटते. मूळ फ्रेंच कादंबरीत या दोन्ही स्त्रिया एकच हे शेवटी उघड होतं. हिचकॉकनं ते बरंच आधी, अर्ध्याहून अधिक चित्रपट झाल्यावर पण शेवट अजून लांब असताना सांगून टाकलं. हॉटेलच्या खोलीत एकटी उरलेली ज्युडी कॅमेऱ्याकडे पाहते, मनोऱ्यावर काय घडलं ते आपल्याला दिसतं, ती कबुलीचं पत्र लिहायला घेते आणि फाडून टाकते. हा बदल आसपासच्या सगळ्यांना नको होता, असं त्यानं त्रुफोला सांगितलं. त्याचं समर्थन साधं होतं: गोष्ट सांगताना आई थांबली की मूल 'पुढे काय?' विचारतं, आणि कादंबरीत या जागी पुढे काहीच उरत नाही. आता मात्र प्रेक्षकापुढे नवा प्रश्न उभा राहतो: नायकाला हे कळेल तेव्हा तो काय करेल? १९५८ मध्ये अनेक परीक्षणकर्त्यांना यात गोष्टीवरची पकड सुटल्याचं दिसलं. ते रहस्यपट पाहायला गेले होते आणि रहस्य मध्येच फुटलं होतं.

माझ्या मते पुढची स्त्रीवादी चर्चा याच फाडलेल्या पत्राभोवती फिरते, ते पत्र नेहमी नावानं घेतलं जात नसलं तरी. १९७५ मध्ये एका ब्रिटिश अभ्यासक स्त्रीनं, व्यावसायिक चित्रपटाचा कॅमेरा पुरुषाची नजर घेऊन बाईकडे पाहतो, अशी मांडणी केली. 'रिअर विंडो', 'व्हर्टिगो' आणि 'मार्नी' हे तिचे ठळक दाखले होते. त्या निबंधानं चित्रपट-अभ्यासाची भाषाच बदलली. पण पत्राच्या प्रसंगानंतर आपण नायकाच्या डोळ्यांनी पाहत नाही. तो ज्युडीचे कपडे बदलतो, केसांचा रंग बदलतो, आणि आपल्याला ठाऊक असतं की तिला सगळं कळतंय आणि ती तरीही सहन करते आहे. १९८८ मध्ये एका अमेरिकन अभ्यासक स्त्रीनं या दिशेनं सविस्तर उत्तर दिलं: हिचकॉक ना निव्वळ स्त्रीद्वेष्टा, ना स्त्रियांचा कैवारी, त्याच्या चित्रपटांत बाईशी समरस होण्याची ओढ आणि तिची भीती एकत्र नांदतात. त्या ब्रिटिश शिक्षकानंही, जो आता प्राध्यापक झाला होता, १९८९ मध्ये आपलं जुनं पुस्तक नव्यानं तपासलं आणि पहिला प्रश्नच बदलला. आता त्यानं विचारलं, हिचकॉकला स्त्रीवादासाठी वाचवता येईल का? स्वतःची मतं इतक्या उघडपणे पुन्हा तपासणारे समीक्षक थोडे, म्हणून ती आवृत्ती मला पहिलीपेक्षा मोलाची वाटते.

यात एक व्यावहारिक अडचणही होती. हक्क हिचकॉककडे असलेले पाच चित्रपट सत्तरच्या दशकात वितरणातून गेले आणि १९८३-८४ मध्ये परतले. त्यांत 'रिअर विंडो' आणि 'व्हर्टिगो' दोन्ही होते. म्हणजे १९७५ चा तो निबंध गाजत असताना त्यातले दोन मुख्य चित्रपट बहुतेकांना पाहायला मिळत नव्हते. ते परत आल्यावर 'व्हर्टिगो'ची किंमत झपाट्यानं वाढली. लंडनचं तेच नियतकालिक दर दहा वर्षांनी समीक्षकांचं मतदान घेतं. १९७२ मध्ये पहिल्या दहांत नसलेला हा चित्रपट परतण्याच्या थोडं आधी, १९८२ मध्ये, सातवा होता, मग १९९२ मध्ये चौथा, २००२ मध्ये दुसरा आणि २०१२ मध्ये पहिला आला, १९१ मतांनी. 'सिटिझन केन'ला १५७ मतं पडली. २०२२ मध्ये तो पुन्हा दुसरा झाला आणि वर गेला तो एका स्त्री दिग्दर्शकाचा चित्रपट.

१९८३ मध्ये, हिचकॉकच्या मृत्यूनंतर तीन वर्षांनी आलेल्या एका चरित्रानं अभिनेत्रींशी त्याच्या वागण्याचा प्रश्न पुढे आणला. 'द बर्ड्स' आणि 'मार्नी'च्या नायिकेनं २०१६ मध्ये आत्मचरित्रात त्याच्यावर लैंगिक छळाचा आरोप केला. त्यामुळे 'मार्नी' पूर्वीसारखा वाचणं अवघड झालं आहे, आणि तसंच व्हायला हवं. दुसरीकडे, पटकथा आणि संकलनातला पत्नी आल्माचा वाटा नव्यानं मोजला जाऊ लागला आहे.

१९६२ च्या मुलाखतीच्या ध्वनिफितीही आता ऐकायला मिळतात. त्या पुस्तकाशी ताडून पाहणाऱ्यांना छापताना बरंच गाळलं आणि घासूनपुसून घेतलं गेल्याचं आढळलं. त्रुफोला इंग्रजी येत नव्हतं आणि हिचकॉकला फ्रेंच पुरेसं नव्हतं. दोघांच्या मध्ये एक दुभाषी बाई बसल्या होत्या. छापील संवादात दोनच माणसं बोलतात. फितींवर मात्र जवळजवळ प्रत्येक प्रश्नोत्तरात तिसरा आवाज आहे, आणि तो त्या बाईंचा आहे.