ग्रीन, लॉर्न : पूर्वायुष्य आणि व्यवसायबदल

ग्रीन, लॉर्न : (१२ फेब्रुवारी १९१५ – ११ सप्टेंबर १९८७). कॅनेडियन रेडिओ वृत्तनिवेदक, ध्वनिशिक्षक आणि दूरचित्रवाणी अभिनेते. ‘बोनान्झा’ या अमेरिकन मालिकेतील (१९५९–७३) बेन कार्टराइट या तीन मुलांच्या बापाची भूमिका ही त्यांची सर्वांत गाजलेली भूमिका. ती हाती आली तेव्हा ते ४४ वर्षांचे होते. त्याआधीची बहुतेक कारकीर्द त्यांनी आवाजाच्या जोरावर काढली होती. त्यांच्या चरित्राचा तो आधीचा भाग बहुतेक ठिकाणी दोन ओळींत उरकला जातो. वास्तविक बेन कार्टराइटचा दरारा, त्याचे सावकाश बोलणे आणि वाक्यामधली त्याची शांतता यांची घडण त्याच काळातली आहे.

बालपण आणि शिक्षण

जन्म कॅनडाची राजधानी ओटावा येथे, रशियातून स्थलांतरित झालेल्या ज्यू कुटुंबात. मूळ नाव लायन हायमन ग्रीन. वडील डॅनियल जोडे तयार करण्याच्या धंद्यात होते. घरात आई त्यांना ‘खाइम’ म्हणे. ‘लॉर्न’ हे नाव त्यांनी नंतर घेतले आणि आडनावाच्या इंग्रजी लेखनात शेवटी एक जादा अक्षर जोडले. जुन्या कागदपत्रांत त्यांचा शोध घेताना नावाचा हा बदल लक्षात ठेवावा लागतो.

शालेय शिक्षण ओटावातील लिसगार कॉलेजिएट इन्स्टिट्यूटमध्ये झाले. रंगमंचाशी ओळखही तिथलीच. १९३२मध्ये ते किंग्स्टन (ऑन्टारिओ) येथील क्वीन्स विद्यापीठात दाखल झाले ते रासायनिक अभियांत्रिकीसाठी. हा त्यांचा पहिला मार्ग, आणि तो त्यांनी फार लवकर सोडला. कारण अगदी व्यवहारी होते. अभियांत्रिकीच्या विद्यार्थ्याची दुपार प्रयोगशाळेत जाते आणि सुरू केलेला प्रयोग अर्धवट टाकून उठता येत नाही. नाटकाच्या तालमीलाही सगळी मंडळी एकाच वेळी हजर असावी लागतात. दोन्हींचा मेळ बसेना, तेव्हा त्यांनी फ्रेंच आणि जर्मन हे भाषाविषय घेतले. भाषेचा अभ्यास रात्री, सवडीने करता येतो. विद्यापीठाच्या सीएफआरसी या रेडिओ केंद्रावर त्यांना ध्वनिक्षेपणाची गोडी लागली तीही याच वर्षांत. ऑन्टारिओच्या अल्गाँक्विन पार्कमधील अ‍ॅरोहॉन या उन्हाळी शिबिरात त्यांनी मुलांना नाटकही शिकवले.

१९३७मध्ये पदवी मिळाल्यावर ते न्यूयॉर्कच्या नेबरहूड प्लेहाउस या नाट्यशाळेत गेले आणि दोन वर्षे राहिले. तिथे अभिनय सॅनफर्ड माइझनर शिकवत आणि शरीराच्या हालचालींचे वर्ग मार्था ग्रॅहॅम घेत. माइझनर यांच्या शिकवणीचा पाया ऐकण्यावर होता : आपले वाक्य कसे म्हणायचे हे आधी ठरवून न ठेवता, समोरच्याने आत्ता काय केले त्याला उत्तर द्यायचे. पुढे दहा-बारा वर्षे ग्रीन यांना समोर माणूस नसलेल्या खोलीत बोलावे लागले. तरी हा पाया शाबूत राहिला, म्हणून त्यांना अभिनयाकडे परतता आले, असे म्हणायला जागा आहे.

वृत्तनिवेदन : ‘व्हॉइस ऑफ डूम’

१९३९मध्ये ते कॅनडात परतले आणि कॅनेडियन ब्रॉडकास्टिंग कॉर्पोरेशन म्हणजे सीबीसीत लागले. संस्था जेमतेम तीन वर्षांची होती. १० सप्टेंबर १९३९ रोजी कॅनडाने जर्मनीविरुद्ध युद्ध पुकारले आणि रात्रीची राष्ट्रीय बातमीपत्रे घराघरांत जीव मुठीत धरून ऐकली जाऊ लागली. मुख्य निवेदक म्हणून ग्रीन यांचा आवाज देशभर पोचला. सीबीसीने त्यांना ‘व्हॉइस ऑफ कॅनडा’ म्हटले. लोकांनी मात्र ‘व्हॉइस ऑफ डूम’, म्हणजे अरिष्टाचा आवाज, असे नाव ठेवले, कारण त्याच आवाजात युद्धात कामी आलेल्यांची नावे कानी पडत. डिसेंबर १९४१मध्ये हाँगकाँग जपानच्या हाती पडले, तिथे दोन हजारांच्या आसपास कॅनेडियन सैनिक होते. ऑगस्ट १९४२मध्ये फ्रान्समधील डिएपच्या किनाऱ्यावर सुमारे पाच हजार कॅनेडियन उतरवले गेले, त्यांतले नऊशेहून अधिक मारले गेले आणि जवळजवळ दोन हजार कैद झाले. तो काळ असा होता. त्या टोपणनावात थट्टेपेक्षा धास्ती अधिक होती.

आवाज खर्जातला होता. असा आवाज रेडिओला आयताच मानवतो असा समज आहे, पण त्या काळच्या रिबन मायक्रोफोनपुढे तो सांभाळावा लागे. या मायक्रोफोनमध्ये लोहचुंबकाच्या दोन टोकांमध्ये अ‍ॅल्युमिनियमची अतिशय पातळ पट्टी टांगलेली असते. बोलणारा जितका जवळ जाईल तितके खालचे स्वर फुगतात. पातळ आवाजाच्या माणसाला त्याचा फायदा होतो. खर्जाच्या आवाजात मात्र घुमारा येतो आणि व्यंजने बुजतात, ‘टी’ आणि ‘डी’ यांतला फरक कळेनासा होतो. नावांची यादी वाचताना तर ही चूक मुळीच चालणार नाही. म्हणून भारदस्त आवाजाच्या निवेदकाने हात-दीड हात अंतर ठेवायचे, तोंड किंचित बाजूला धरायचे (‘प’ आणि ‘ब’ उच्चारताना सुटणारा श्वास थेट पट्टीवर आदळला तर धप्प असा आवाज येतो आणि पट्टी ताणलीही जाऊ शकते), आणि आवाज चढवण्याऐवजी शब्द स्वच्छ सोडायचे. ग्रीन यांच्या त्या काळच्या ध्वनिमुद्रणांत हेच कानाला जाणवते. आवाज मोठा वाटतो, पण जोर लावलेला नसतो.

याच सुमारास नॅशनल फिल्म बोर्ड या कॅनडाच्या सरकारी चित्रपटसंस्थेच्या माहितीपटांनाही त्यांनी आवाज दिला. त्यांपैकी ‘चर्चिल्स आयलंड’ (१९४१) या पटाला लघुमाहितीपटासाठीचे पहिले ऑस्कर मिळाले.

शाळा आणि उलटे घड्याळ

युद्ध संपल्यावर ग्रीन यांनी टोरांटोत अकॅडमी ऑफ रेडिओ आर्ट्स ही शाळा काढली. रेडिओवर बोलणे, नाट्यवाचन, लेखन आणि कार्यक्रमनिर्मिती यांचे रीतसर शिक्षण देणारी संस्था तेव्हा कॅनडात दुर्मीळ होती. पुढे विनोदी भूमिकांसाठी ख्याती मिळवलेले लेस्ली नील्सन इथलेच विद्यार्थी. इथून तेही न्यूयॉर्कच्या नेबरहूड प्लेहाउसमध्ये गेले. १९५१मध्ये टोरांटोत ज्युपिटर थिएटर ही नाट्यसंस्था उभी राहिली, तिच्या संस्थापकांतही ग्रीन होते. म्हणजे निवेदन आणि अध्यापन चालू असताना रंगमंच त्यांनी सोडलेला नव्हता.

त्यांच्या व्यवसायबदलाला निमित्त झाले एक घड्याळ. रेडिओतल्या माणसाला किती वेळ गेला यापेक्षा किती उरला हे कळणे जास्त गरजेचे असते. साधे स्टॉपवॉच शून्यापासून पुढे मोजते, त्यामुळे उरलेला वेळ बोलता बोलता मनातल्या मनात वजा करून काढावा लागतो. समजा कार्यक्रम १४ मिनिटे ३० सेकंदांचा आहे आणि काटा ८ मिनिटे ४७ सेकंदांवर आहे. उरले ५ मिनिटे ४३ सेकंद. पण घाईत माणूस नेहमीच्या अंकांसारखे १४.३० वजा ८.४७ करतो आणि उत्तर काढतो ५.८३. हातचा घेताना मिनिटाचे साठऐवजी शंभर सेकंद धरले गेल्याने थेट ४० सेकंदांची चूक होते. मिनिटाला १५० ते १८० शब्द या इंग्रजी निवेदनाच्या गतीने तो मजकूर १०० ते १२० शब्दांचा, म्हणजे एक सबंध बातमी. आपल्याकडे वेळ आहे असे समजून निवेदक ती बातमी वाचायला घेतो आणि ठरलेल्या सेकंदाला केंद्रांचे सगळे जाळे पुढच्या कार्यक्रमाकडे वळते. वाक्य मध्येच तुटते. उलट बाजूने घाबरून आधीच आटोपते घेतले, तर मागे उरते मुकी हवा, म्हणजे नुसती शांतता. रेडिओत ती तुटलेल्या वाक्याहून वाईट, कारण ऐकणाऱ्याला केंद्र बंद पडले असे वाटते. अनेक कालविभागांत पसरलेल्या कॅनडाच्या जाळ्यात सेकंदाची चूक शेकडो मैलांवरच्या केंद्रांनाही भोवायची.

ग्रीन यांनी उलटे चालणारे स्टॉपवॉच तयार केले. एकूण वेळेपासून सुरुवात, शून्यावर शेवट. वजाबाकीच संपली. समारोपाचे संगीत ४५ सेकंदांचे असेल तर काटा ४५वर आला की ते सुरू करायचे, दोन्ही एकदम संपतात. आज कोणत्याही स्टुडिओत उरलेला वेळ दाखवणारे आकडे भिंतीवर असतात, त्यामुळे ही कल्पना किरकोळ वाटते. पण ज्याने रोज रात्री काट्याकडे बघत वाचले आहे त्यालाच ती सुचू शकते.

हे घड्याळ एनबीसी या अमेरिकन प्रसारणसंस्थेच्या अधिकाऱ्यांना दाखवायला ग्रीन न्यूयॉर्कला गेले. तिथे त्यांची गाठ फ्लेचर मार्कल यांच्याशी पडली. मार्कल हे टोरांटोच्या शाळेत पूर्वी शिकवत असत आणि आता सीबीएस या दुसऱ्या अमेरिकन प्रसारणसंस्थेच्या ‘स्टुडिओ वन’ या नाट्यमालिकेचे निर्माते होते. त्यांनी ग्रीन यांना भूमिका दिल्या. ग्रीन त्या वेळी अडतिशीत होते.

निवेदकाचा नट होताना

योगायोग गोड आहे, पण नुसत्या योगायोगावर हे घडले नाही. कॅनडात दूरचित्रवाणी सप्टेंबर १९५२मध्ये सुरू झाली, मॉन्ट्रिऑलला ६ तारखेला आणि टोरांटोला ८ला. रेडिओवर लोकांचे जे लक्ष होते ते आता पडद्याकडे वळणार हे दिसत होते. न्यूयॉर्कमध्ये तासाभराची नाटके थेट प्रक्षेपित होत होती. पुन्हा घेण्याची सोय नसलेल्या त्या कामाला, वेळेचे भान असलेली आणि चूक झाली तरी न डगमगणारी माणसे हवी होती. माइकसमोरच्या तालमीचा इथे थेट उपयोग होता.

अडचणीही होत्या. वृत्तनिवेदक कागदावर डोळे ठेवून वाचतो. प्रत्येक वाक्याचा शेवट त्याला आधीच दिसत असतो, म्हणून तो सुरुवातीपासून त्या शेवटाच्या दिशेने आवाज उतरवत नेतो. हीच लकब नटाच्या तोंडी आली की पात्राला पुढे काय घडणार हे ठाऊक असल्यासारखे वाटते आणि प्रसंग मरतो. दुसरी गोष्ट शरीराची. माइकपासूनचे अंतर बदलू नये म्हणून निवेदक मान हलवत नाही, हात आवरून धरतो, आणि कॅमेऱ्यात तो अवघडलेपणा लगेच दिसतो. या सवयी मोडायला प्लेहाउसची दोन वर्षे कामी आली असणार. काही सवयी मात्र ग्रीन यांनी मोडल्या नाहीत, त्यांना साजेशी पात्रे निवडली गेली. सप्टेंबर १९५३मध्ये ‘स्टुडिओ वन’ने ‘नाइन्टीन एटीफोर’ या जॉर्ज ऑर्वेल यांच्या कादंबरीचे नाट्यरूप सादर केले, त्यात ते ओब्रायन झाले. शांत, समजावणीच्या सुरात छळ करणारा सत्ताधारी. ज्या स्थिर आवाजावर एका देशाने युद्धकाळात विश्वास ठेवला होता, तोच इथे भीतिदायक ठरला. पात्रनिवड म्हणून ही अचूक होती.

त्यानंतर कामे भराभर आली. न्यूयॉर्कच्या ब्रॉडवे रंगभूमीवर अभिनेत्री कॅथरिन कॉर्नेल यांच्यासोबत ‘द प्रेस्कॉट प्रपोजल्स’ हे नाटक, चित्रपटात ‘द सिल्व्हर चॅलिस’मधील संत पीटर (१९५४), कॅनडातील स्ट्रॅटफर्ड महोत्सवात ‘ज्यूलियस सीझर’मधील ब्रूटस (१९५५), ब्रिटनमध्ये चित्रित ‘सेलर ऑफ फॉर्च्यून’ मालिकेत जहाजाचा कप्तान. १९५९मध्ये ‘वॅगन ट्रेन’ या मालिकेच्या एका भागातले त्यांचे काम निर्माते डेव्हिड डॉर्टॉर्ट यांनी पाहिले आणि नव्या मालिकेतल्या बापाची भूमिका त्यांना देऊ केली.

‘बोनान्झा’ एनबीसीवर १२ सप्टेंबर १९५९ रोजी सुरू झाली. थोरल्या मुलाच्या भूमिकेतले पर्नेल रॉबर्ट्स ३१ वर्षांचे होते, मधले डॅन ब्लॉकर ३०चे, धाकटे मायकेल लँडन २२चे. म्हणजे ‘बाप’ थोरल्या ‘मुला’हून अवघ्या १३ वर्षांनी मोठा. हे अंतर पांढऱ्या केसांनी थोडे भरून काढले आणि बरेचसे आवाजाने. सुरुवातीच्या भागांत कार्टराइट कुटुंब परक्या माणसावर बंदूक रोखूनच बोलणारे, तुसडे असे रंगवले होते. ग्रीन यांनी हरकत घेतली : लाकूड आणि गुरे विकणारे मुलखातले सर्वांत मोठे घर गिऱ्हाइकांशी असे वागून कसे चालेल? निर्मात्यांना ते पटले आणि घराचा सगळा सूर मवाळ झाला. मालिका चौदा हंगाम चालली. त्या यशात या एका सूचनेचा वाटा अभ्यासकांनी मानावा तितका मानलेला नाही.

पुढील कारकीर्द विस्तृत आहे. ‘रिंगो’ ही त्यांची ध्वनिमुद्रिका, जिच्यात ते गातात कमी आणि बोलतात जास्त, डिसेंबर १९६४मध्ये अमेरिकेतील लोकप्रिय गाण्यांच्या बिलबोर्ड यादीत पहिल्या क्रमांकावर गेली. १९६९मध्ये त्यांना ऑर्डर ऑफ कॅनडा हा सन्मान मिळाला. १९७८मध्ये ‘बॅटलस्टार गॅलॅक्टिका’ या विज्ञानकथा-मालिकेत ते सेनापती अडामा झाले. अखेरची काही वर्षे त्यांनी ‘लॉर्न ग्रीन्स न्यू विल्डरनेस’ या निसर्गविषयक मालिकेचे निवेदन केले. कॅलिफोर्नियातील सँटा मोनिका येथे त्यांचे निधन झाले.