शंभर यार्ड मोजायचे कुठून? शाळांतल्या व्यसनमुक्ती उपक्रमांची पार्श्वभूमी

शाळेच्या फाटकावर पाटी असते: १०० यार्डांच्या परिसरात तंबाखूजन्य पदार्थांची विक्री हा गुन्हा आहे, दंड २०० रुपयांपर्यंत. काही पाट्यांवर 'यार्ड'च्या जागी 'मीटर' लिहिलेले दिसते. पुढे रस्त्यावर एक पिवळी रेघ आणि तिच्या शेजारी 'तंबाखूमुक्त क्षेत्र' ही अक्षरे. प्रभातफेरी, शपथ, घोषवाक्य स्पर्धा, पथनाट्य हे सगळे शाळांना जुनेच आहे. पाटी आणि रेघ मात्र गेल्या वीस वर्षांत आली. त्यांच्यामुळे उपक्रमांचे स्वरूप किती बदलले, हे समजण्यासाठी थोडे मागे जावे लागते.

फार मागे नको. १९४९ च्या दारूबंदी कायद्यानंतर शाळांच्या वाट्याला आली ती दारूविरोधी प्रतिज्ञा, कीर्तन आणि फेरी. २ ते ८ ऑक्टोबरचा दारूबंदी सप्ताह त्याच वळणाचा आहे. मुलांनी फेरीत घोषणा द्यायच्या आणि त्या घरातल्या मोठ्यांनी ऐकायच्या, असा तो हिशेब. मूल स्वतः व्यसनाला लागेल, ही शक्यता त्यात जवळपास धरलेलीच नव्हती.

ती धरली गेली ऐंशीच्या दशकात. मुंबईत ब्राउन शुगर आली, तिला 'गर्द' हे नाव पडले आणि त्यावरून 'गर्दुल्ला' हा शब्द मराठीत रुजला. अमली पदार्थविरोधी केंद्रीय कायदा १९८५ चा. पुण्यात १९८६ मध्ये व्यसनमुक्ती केंद्र उभे राहिले. डिसेंबर १९८७ मध्ये संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेने २६ जून हा अमली पदार्थविरोधी दिवस ठरवला. व्याख्याता येतो, सुईचे आणि कवटीचे चित्र दाखवतो, एखादा बरा झालेला रुग्ण आपली कहाणी सांगतो आणि शेवटी सगळे हात पुढे करून शपथ घेतात, हा साचा शाळांमध्ये पक्का झाला. तो अजूनही चालतो. प्रतिबंधाच्या कामासाठी संयुक्त राष्ट्रांच्या पातळीवर २०१३ मध्ये निकष ठरले आणि २०१८ मध्ये ते सुधारले गेले. नुसते व्याख्यान, भीती घालणे आणि माजी व्यसनींची मनोगते यांचा उपयोग होत नाही, कधी उलटाच परिणाम होतो, असे त्यांत स्पष्ट म्हटले आहे. नकार कसा द्यायचा, दोस्तांच्या आग्रहाला काय उत्तर द्यायचे, याचा वर्गात गटागटांनी आणि अनेक तासिकांमध्ये सराव घ्यावा, असे ते निकष सुचवतात. पण तासिका वेळापत्रकात बसवाव्या लागतात आणि व्याख्यान एका दुपारी उरकते.

वेळापत्रकाचा प्रश्न इथेच संपत नाही. ३१ मे हा जागतिक तंबाखूविरोधी दिन आपल्याकडे भर उन्हाळी सुट्टीत येतो. २६ जूनला शाळा नुकत्या उघडलेल्या असतात. विदर्भात तर त्या आधीच उशिरा उघडतात, त्यामुळे बऱ्याचदा प्रवेशोत्सव, पुस्तकवाटप आणि अमली पदार्थविरोधी फेरी एकाच आठवड्यात कोंबावी लागते, तीही पावसात. ऑक्टोबरचा सप्ताह पहिल्या सत्राच्या परीक्षेला लागून येतो. त्यापेक्षा होळीला केलेले तंबाखू-गुटख्याच्या पुड्यांचे दहन, किंवा ३१ डिसेंबरच्या संध्याकाळी चौकात दूध वाटत 'द दारूचा नव्हे, द दुधाचा' म्हणणे, हे इथल्या मातीतले उपक्रम मुलांच्या जास्त लक्षात राहतात, असा माझा अनुभव आहे. परिपत्रकांत मात्र त्यांना दुय्यम जागा असते.

आता यार्डांकडे वळू. सार्वजनिक ठिकाणच्या धूम्रपानाला सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर २००१ मध्ये मनाई केली. त्या ठिकाणांच्या यादीत शैक्षणिक संस्था होत्या. पुढे २००३ चा तंबाखू नियंत्रण कायदा आला. त्याच्या सहाव्या कलमाचे दोन भाग आहेत. पहिल्याप्रमाणे १८ वर्षांखालच्या व्यक्तीला तंबाखूजन्य पदार्थ विकायचे नाहीत. दुसऱ्याप्रमाणे शैक्षणिक संस्थेपासून १०० यार्डांच्या त्रिज्येत ते कुणालाच विकायचे नाहीत. हा दुसरा भाग डिसेंबर २००४ पासून लागू आहे.

या देशाने मेट्रिक मापांचा कायदा १९५६ मध्ये केला. मग २००३ च्या कायद्यात यार्ड कसे? हा प्रश्न प्रशिक्षणात एखादा गणिताचा शिक्षक हमखास विचारतो. १०० यार्ड म्हणजे ९१.४४ मीटर. म्हणजे पाटीवर मीटर लिहिणारी शाळा स्वतःच्या बळावर साडेआठ मीटर वाढवून घेते आणि त्या साडेआठ मीटरमध्ये टपरी असली तर वाद ठरलेला. खरे तर मराठीत यार्डाला वापरातला शब्द आहे, वार. नऊवारी साडीतला वार तो हाच. अकरा नऊवारी साड्या टोकाला टोक लावून पसरल्या तर ९९ वार होतात, म्हणजे कायद्याचे अंतर जवळजवळ पुरे. गावातल्या आजीला हे एका वाक्यात कळले असते. आपण पाटीवर 'यार्ड' लिहिले.

मापाहून मोठा गोंधळ मोजण्याचा आहे. नियम सांगतो की अंतर त्रिज्येने धरायचे आणि ते संस्थेच्या भिंतीच्या किंवा कुंपणाच्या बाहेरच्या कडेपासून मोजायचे. शाळा मोजतात फाटकापासून आणि रस्त्याने. मी पाहिलेल्या एका शाळेत खेळाच्या तासाची तीस मीटरची टेप काढली होती. एक मुलगा फाटकाशी टोक धरून उभा, दुसरा टेप घेऊन धावतोय. तीनदा टेप लावली, वरचे दीड मीटर गुरुजींनी पावलाने धरले आणि डांबरावर रेघ ओढली. रस्ता वळत होता तशी टेपही वळली. मागच्या कुंपणाला लागून किराणा दुकान होते. त्याच्या दारात तंबाखूच्या पुड्यांची माळ लटकत होती. त्या बाजूला कुणी टेप नेली नाही, कारण तिकडे रस्ता नव्हता.

नियमाप्रमाणे काढले तर काय होते? समजा, शाळा म्हणजे फक्त एक बिंदू आहे. तरी तिच्याभोवतीचे १०० यार्डांचे वर्तुळ साडेसहा एकरांचे भरते. साठ मीटर बाजूचे चौकोनी आवार धरले, तर आवारासकट पावणेतेरा एकर. लहान गावात शाळा गावठाणातच असेल, तर बाजारपेठ, एसटीचा थांबा आणि चावडीसमोरची पानटपरी या सगळ्यांचा त्यात समावेश होऊ शकतो. म्हणून सरपंचांना नियमाचा अर्थ फाटकापासून हवा असतो आणि दुकानदारालाही. टपरी आधीची की शाळा आधीची, हाही मुद्दा निघतो. कायद्यात त्याला जागा नाही, पण ग्रामसभेत असते.

रेघ ओढतो कोण, तर शिक्षक. टपरी हलवायची कुणी, तर पोलीस किंवा ग्रामपंचायत. यात शिक्षकाची बाजू मला पटते. शाळेच्या दारात राहणाऱ्या माणसाशी, ज्याची मुले आपल्याच वर्गात आहेत, त्याच्याशी २०० रुपयांच्या दंडावरून वैर घ्यायला कोण धजावेल? त्याच विक्रेत्याने पुडी थेट मुलाच्या हातात दिली, तर प्रकरण वेगळे होते. २०१५ च्या बालन्याय कायद्याच्या ७७व्या कलमानुसार सात वर्षांपर्यंत सक्तमजुरी आणि एक लाखापर्यंत दंड होऊ शकतो. पण 'बाळा, जा, एक पुडी घेऊन ये' असे सांगणारा बहुधा बापच असतो आणि दुकानदार ते जाणतो.

याच रेघेमुळे उपक्रमांचे नियोजन मोजता येण्याजोग्या गोष्टींकडे झुकले. राज्यात २०१५ च्या शासन निर्णयापासून 'तंबाखूमुक्त शाळा' ही रीतसर मोहीम झाली. सुरुवातीला अकरा निकष होते. २०१९ मध्ये केंद्राच्या सुधारित मार्गदर्शक सूचना आल्यावर ते नऊ झाले. त्यांतले काही असे: आत पाटी, बाहेर पाटी, पिवळी रेघ, सहा महिन्यांत निदान एक उपक्रम, शाळेच्या आचारसंहितेत तंबाखूबंदीचा उल्लेख, आणि तंबाखू मॉनिटरची, म्हणजे बंदी पाळली जाते का यावर लक्ष ठेवणाऱ्याची नेमणूक. मॉनिटर विद्यार्थी असेल तर तो नववीच्या पुढचा हवा. चौथीपर्यंतच्या जिल्हा परिषद शाळेत मग तो मान शिक्षकाकडेच येतो. दोन शिक्षकी शाळेत एक मॉनिटर आणि दुसरा त्याचा फोटो काढणारा. पुरावा फोटोच्या रूपात ॲपवर चढवायचा असतो. त्यामुळे उपक्रम कधी ठरतो, हे कॅलेंडरपेक्षा नेटवर्कवर जास्त अवलंबून राहते.

गुटख्याची कथा समांतर चालली आणि तिने शाळांचे काम सोपे केले नाही. राज्याने २००२ मध्ये बंदी घातली, ती २००४ मध्ये सर्वोच्च न्यायालयात टिकली नाही. २०११ च्या अन्नसुरक्षा नियमांनी अन्नपदार्थात तंबाखू व निकोटिन वापरायला मनाई केली. गुटखा हा अन्नपदार्थ, या आधारावर जुलै २०१२ मध्ये बंदी पुन्हा आली, एका वेळी एक वर्षाची. नंतरच्या आदेशांत सुगंधित तंबाखू, सुगंधित सुपारी, मावा आणि खर्रा ही नावेही घातली गेली. विदर्भात पन्नीवर घोटून मिळणारा खर्रा कारखान्यात तयार होत नाही, समोरच घासून देतात, म्हणून त्याचे नाव वेगळे घ्यावे लागले. परिणामी रेघेच्या बाहेर साधी तंबाखू कायदेशीर आहे, गुटखा तिथेही बेकायदा. सातवीतल्या मुलाने 'मग रेघ कशासाठी?' असे विचारले की उत्तर देताना दोन कायदे समजावावे लागतात.

तंबाखूवर इतका जोर देण्यामागे आकडे आहेत. १३ ते १५ वयोगटातल्या विद्यार्थ्यांच्या देशव्यापी पाहणीत २००९ मध्ये तंबाखू वापरणारे १४.६ टक्के होते, २०१९ मध्ये ८.५ टक्के. घट झाली, पण ती रेघेमुळे, गुटखाबंदीमुळे की पाकिटावरच्या मोठ्या चित्रांमुळे, यावर प्रत्येक खाते आपापला दावा सांगते.

इतर पदार्थांचे काय, हा प्रश्न उशिरा आला. डिसेंबर २०१६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने मुलांमधील व्यसनांबाबत राष्ट्रीय पाहणी करण्याचे आणि शालेय अभ्यासक्रमात हा विषय आणण्याचे निर्देश दिले. पाहणीचा अहवाल २०१९ मध्ये प्रसिद्ध झाला. हुंगायचे पदार्थ, म्हणजे व्हाइटनर, पंक्चरचे सोल्युशन आणि तत्सम, ही एकच वर्गवारी अशी निघाली की तिच्यात मुलांचे प्रमाण मोठ्यांपेक्षा जास्त होते: १.७ टक्के विरुद्ध ०.५८ टक्के. त्यानंतर १५ ऑगस्ट २०२० ला नशामुक्तीचे देशव्यापी अभियान २७२ जिल्ह्यांत सुरू झाले आणि शाळांसाठी जीवनकौशल्यांवर आधारित साहित्यही आले.

दरम्यान अंतरे वाढत गेली. जुलै २०२४ मध्ये राज्यात जास्त कॅफीन असलेली एनर्जी ड्रिंक शाळांपासून ५०० मीटरच्या आत विकायला बंदी घालण्याची घोषणा विधिमंडळात झाली. या वेळी माप मीटरमध्ये होते. व्हाइटनर शाळेसमोरच्या स्टेशनरीच्या दुकानात, वह्या आणि कंपासपेट्यांच्या शेजारी मिळतो. नऊ निकषांत त्याचे नाव नाही.