डाळिंब : परसातील लागवड व पाणी

डाळिंब (प्युनिका ग्रॅनॅटम) हे मोठे झुडूप किंवा लहान वृक्ष असून पूर्वी त्याचा समावेश प्युनिकेसी या स्वतंत्र कुलात करीत. आता बहुतेक वनस्पतिशास्त्रज्ञ ते मेंदीच्या लिथ्रेसी कुलात घालतात. सोलापूर जिल्ह्यातील, विशेषतः सांगोला भागातील, व्यापारी बागा सर्वपरिचित आहेत. जिल्ह्याच्या डाळिंबाला २०१६ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले असून सोलापूरजवळ केगाव येथे २००५ पासून राष्ट्रीय डाळिंब संशोधन केंद्र आहे. प्रस्तुत नोंद घराच्या परसातील एक-दोन झाडांपुरती मर्यादित आहे.

डाळिंबाच्या मूलस्थानाविषयी मतभेद आहेत. इराण व त्यालगतचा प्रदेश हे मूलस्थान मानणारा पक्ष जुना असून स्विस वनस्पतिशास्त्रज्ञ आल्फाँस द कांदोल यांनी एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात त्याला पाठिंबा दिला. हिमाचल प्रदेश, जम्मू व उत्तराखंडच्या डोंगरउतारांवर आंबट फळांची रानटी डाळिंबे विपुल आढळतात. त्यावरून मूळ क्षेत्र पश्चिम हिमालयापर्यंत पसरलेले असावे, असे काही अभ्यासक मानतात. तर ही झाडे प्राचीन लागवडीतून रानात पसरलेली असावीत, असे इतरांचे मत आहे. अरबी समुद्रातील सोकोत्रा बेटावरील प्युनिका प्रोटोप्युनिका ही या प्रजातीतील दुसरी जाती १८८२ च्या सुमारास स्कॉटिश वनस्पतिशास्त्रज्ञ बाल्फोर यांनी नोंदविली. तिला लागवडीतील डाळिंबाची पूर्वज ठरविण्याचा प्रयत्न झाला असला, तरी ती एका बाजूला वाढलेली भगिनी-जाती मानणे अधिक सयुक्तिक दिसते. जेरिको (पॅलेस्टाइन) येथील कांस्ययुगीन थरांत डाळिंबाचे अवशेष सापडले आहेत, तेव्हा पश्चिम आशियातील लागवड निदान तितकी जुनी आहे. दख्खनमध्ये हे फळ केव्हा रुजले, याचा इतका स्पष्ट पुरावा नाही.

मूलस्थानाचा हा प्रश्न पाण्याशीही निगडित आहे. थंड प्रदेशात डाळिंबाची पाने हिवाळ्यात गळतात व झाड विश्रांती घेते. सोलापूरच्या हवेत ते जवळजवळ सदाहरित राहते आणि वर्षभर थोडाथोडा फुलोरा देत राहते. म्हणून विश्रांती कृत्रिमरीत्या, पाणी तोडून, द्यावी लागते. यालाच ताण देणे म्हणतात. ताणानंतर हलकी छाटणी, खत व पुन्हा पाणी दिले की फुलोरा एकदम येतो. जानेवारी-फेब्रुवारीत फुलणारा आंबे बहार, पावसाच्या आरंभीचा मृग बहार आणि सप्टेंबर-ऑक्टोबरमधील हस्त बहार असे तीन बहार, म्हणजे फुलोऱ्याचे हंगाम, आहेत. फळ तयार होण्यास पाच ते सहा महिने लागत असल्याने आंबे बहाराची फळे ऐन उन्हाळ्यात पोसतात. ज्या घरी उन्हाळ्यात पाण्याची खात्री नाही, तेथे मृग किंवा हस्त बहार धरणे इष्ट. फुलांपैकी तळाशी फुगीर, सुरईच्या आकाराची फुले फळ धरतात. घंटेच्या आकाराची नरफुले गळतात. ही गळ रोग समजून औषध फवारले जाते, ते अनाठायी होय.

सोलापूरचे वार्षिक पर्जन्यमान साधारण साडेपाचशे मिलिमीटर असून ते अनियमित आहे. पाण्याचा ढोबळ हिशेब असा : एक चौरस मीटरवर एक मिलिमीटर पाणी म्हणजे एक लिटर. फांद्यांच्या दोन मीटर व्यासाच्या घेराखाली सुमारे तीन चौरस मीटर जमीन येते. उन्हाळ्यातील रोजची गरज सात-आठ मिलिमीटर धरल्यास अशा झाडाला दिवसाला वीस ते पंचवीस लिटर पाणी लागते. थंडीत ते निम्म्यावर येते. तथापि परसात प्रमाणापेक्षा नियमितपणा महत्त्वाचा ठरतो. शहरात नळाचे पाणी काही दिवसांच्या अंतराने येते, आणि पाणी आले की झाडाला नळी लावून ठेवण्याची पद्धत आहे. मधल्या कोरड्या दिवसांत साल कडक होते; मग एकदम मिळालेल्या पाण्याने दाणे फुगतात आणि साल त्या दाबाने फाटते. फळे तडकण्याचे कारण काही लेखक बोरॉन किंवा कॅल्शियमची कमतरता हे देतात. ते काही जमिनींत लागू असेल, परंतु घरगुती झाडाच्या बाबतीत ओलाव्यातील चढउतार हेच प्रमुख कारण मानावे लागते. साठवलेले पाणी रोज थोडे देणे, ठिबकची नळी पिंपाला जोडणे किंवा आळ्यात सच्छिद्र मडके पुरणे हे त्यावरील उपाय आहेत.

आळे बांगडीच्या आकाराचे असावे : बुंध्याभोवती मातीची भर देऊन पाणी फांद्यांच्या घेराच्या कडेला फिरवावे. काळ्या मातीत बुंध्याशी पाणी साचले तर मर रोगाचा (झाड वाळून मरण्याचा) धोका वाढतो. म्हणूनच साठ सेंटिमीटर लांब, रुंद व खोल खड्ड्यात पोयटा, मुरूम, कुजलेले शेणखत व निंबोळी पेंड भरतात. वर उसाच्या पाचटाचे आच्छादन टिकाऊ ठरते. डाळिंब मचूळ पाणी बऱ्यापैकी सोसते, त्यामुळे कूपनलिकेचे पाणी चालू शकते. साबणाचे सांडपाणी मात्र सोडियममुळे काळी माती घट्ट व चिकट करीत असल्याने टाळावे.

रोपे गुटी कलमाची (झाडावरच फांदीला मुळे फोडून तयार केलेली) घ्यावीत. बियांपासून वाढलेल्या झाडाची फळे मूळ झाडासारखी निपजत नाहीत. भगवा हा वाण दाट रंग व जाड सालीमुळे पसंत केला जातो. गणेश हा त्याहून जुना वाण असून गणेशखिंड (पुणे) येथे फळशास्त्रज्ञ चीमा यांनी १९३६ च्या सुमारास आळंदी वाणातून निवडला, असे सामान्यतः मानले जाते. त्याचे दाणे फिकट गुलाबी व बी मऊ असते.

फळ पोखरणाऱ्या अळीपासून बचावासाठी लिंबाएवढ्या फळांना कागदी किंवा कापडी पिशवी बांधणे पुरेसे होते. तेलकट डाग (तेल्या) हा जीवाणूजन्य रोग पावसाच्या उडणाऱ्या थेंबांतून आणि छाटणीच्या कात्रीतून पसरतो. त्यामुळे पाणी पानांवर उडवू नये, एका झाडावरून दुसऱ्यावर जाताना कात्री निर्जंतुक करावी आणि डाग पडून तडकलेली फळे झाडाखाली पडू न देता नष्ट करावीत.