मेडिकेअरचा साधा परतावा आणि इर्माचा परतावा : एक आपोआप येतो, दुसरा मागावा लागतो

न्यूयॉर्क सिटीच्या नोकरीतून रिटायर झालेले आपले बरेच लोक आहेत. ६५ सालच्या इमिग्रेशन कायद्यानंतर जे इंजिनिअर आले त्यातले पुष्कळ जण सिटीच्या वेगवेगळ्या खात्यांत लागले, युनियनचे मेंबर झाले आणि आता कुणी क्वीन्समध्ये, कुणी लाँग आयलंडला, कुणी जर्सीत आरामात आहेत. मेडिकेअर, म्हणजे ६५ पूर्ण झालेल्यांचा अमेरिकेचा सरकारी आरोग्य विमा, त्याचा विषय निघाला की त्यांच्यात एक वाक्य हमखास ऐकू येतं, "अहो मेडिकेअरचे पैसे सिटी परत देते की, आले आमचे." सगळे आले का विचारलं तर हो हो सगळे. आणि मग कागद काढून बघितले की कळतं, आलेत ते साध्या प्रीमियमचे, त्याच्या वरचे जे कापले गेले ते मागितलेच नाहीत. कारण प्रीमियम एकच, सोशल सिक्युरिटीच्या, म्हणजे सरकारी पेन्शनच्या, चेकमधून कापला जातो एकदाच, मग परत येताना त्याचे दोन तुकडे होत असतील असं कुणाच्या डोक्यात येत नाही.

आधी हे दोन तुकडे काय आहेत ते बघू.

पहिला तुकडा म्हणजे पार्ट बी चा स्टँडर्ड प्रीमियम. पार्ट बी म्हणजे डॉक्टरची व्हिजिट, टेस्ट वगैरे. हा प्रीमियम सगळ्यांना सारखा, २०२४ ला महिना १७४.७० डॉलर होता, २०२५ ला १८५, २०२६ ला २०२.९०. दुसरा तुकडा म्हणजे इर्मा. ज्यांचं उत्पन्न एका रेषेच्या वर आहे त्यांच्याकडून त्याच पार्ट बी साठी जास्तीचे पैसे घेतात, २००७ पासून हे चालू आहे. २०२५ साठी ती रेषा एकट्याला १ लाख ६ हजार डॉलर आणि जॉइंट रिटर्न भरणाऱ्या नवराबायकोला २ लाख १२ हजार. रेषेच्या वर उत्पन्नाच्या पायऱ्या आहेत, आणि रेषा एका डॉलरने ओलांडली तरी त्या पायरीचा इर्मा पूर्ण लागतो, थोडा थोडा वाढत नाही. पहिल्या पायरीवर २०२५ ला १८५ च्या जागी महिना २५९ कापले गेले, दुसऱ्या पायरीवर ३७०, आणि शेवटच्या पायरीवर ६२८.९०.

आता परतावा.

स्टँडर्ड प्रीमियम सिटी परत देते कारण तो शहराच्या कायद्यातच आहे, अ‍ॅडमिनिस्ट्रेटिव्ह कोडचं कलम १२-१२६. तुम्ही सिटीच्या पेन्शनवर आहात, सिटीचा हेल्थ प्लॅन चालू आहे, आणि तुमच्या मेडिकेअर कार्डाची कॉपी सिटीच्या हेल्थ बेनिफिट्स प्रोग्रामकडे एकदा पोचली आहे, तर पुढे दर वर्षी काही करावं लागत नाही. आधीच्या वर्षाचे पैसे पुढच्या वर्षी, आतापर्यंत तरी साधारण एप्रिलच्या आसपास, आपोआप जमा होतात. बायको किंवा नवरा तुमच्या प्लॅनवर असेल आणि त्यांनाही मेडिकेअर असेल तर त्यांचेही. पण त्यांचं कार्डही पाठवलेलं पाहिजे बरं का, हे पुष्कळ ठिकाणी राहिलेलं असतं, कारण नवरा ६५ चा झाला तेव्हा त्याचं कार्ड गेलं आणि बायको चार वर्षांनी ६५ ची झाली तेव्हा कुणाच्या लक्षात नाही.

इर्मासुद्धा सिटी परत देते, पूर्ण देते. पण आपोआप नाही. का, तर स्टँडर्ड रक्कम सगळ्यांची एकच, सिटीला ती माहीतच असते. तुमचा इर्मा किती हे मात्र सिटीला माहीत नसतं, ते तुमच्या टॅक्स रिटर्नवरून सोशल सिक्युरिटी ठरवते आणि कळवते फक्त तुम्हाला. म्हणून अर्ज. आणि तो एकदा करून भागत नाही, ज्या ज्या वर्षी इर्मा कापला गेला त्या प्रत्येक वर्षाचा वेगळा. पैसेही वेगळे आणि उशिरा येतात, बहुतेक ऑक्टोबरच्या सुमाराला. म्हणजे एप्रिलमध्ये खात्यात मोठी रक्कम दिसली म्हणून सुटलो असं समजू नका, ती पहिल्या तुकड्याची आहे.

उदाहरण घेऊ म्हणजे आकडे डोळ्यासमोर येतील. समजा एक जोडपं, दोघंही मेडिकेअरवर, २०२३ चं जॉइंट उत्पन्न २ लाख २५ हजार (इर्मा दोन वर्षं मागच्या उत्पन्नावरून ठरतो). २०२५ ला दोघांचेही महिना २५९ कापले गेले. त्यातले १८५ गुणिले १२, म्हणजे २,२२० प्रत्येकी, दोघांचे मिळून ४,४४०, आपोआप येणार. उरलेले ७४ गुणिले १२, ८८८ प्रत्येकी, दोघांचे १,७७६, हे अर्ज केला तर. नाही केला तर सिटी विचारायला येणार नाही.

अर्जाला दोन कागद लागतात. एक, सोशल सिक्युरिटीचं पत्र ज्यात पुढच्या वर्षी तुमचा इर्मा किती ते लिहिलेलं असतं, हे साधारण नोव्हेंबर-डिसेंबरात येतं. दुसरा, एसएसए-१०९९ हा फॉर्म, ज्यात त्या वर्षी खरोखर किती प्रीमियम कापला ते असतं, तो वर्ष संपल्यावर जानेवारीत येतो. दोघांनाही हवं असेल तर दोघांचे वेगवेगळे. सोशल सिक्युरिटी अजून सुरूच केली नसेल तर प्रीमियमची बिलं येतात, मग ती बिलं आणि ती भरल्याचा पुरावा.

आता गंमत बघा, हे दोन्ही कागद नेमके कधी येतात तर नोव्हेंबर ते जानेवारी, आणि आपली मंडळी नेमकी तेव्हा पुण्यात नाहीतर ठाण्यात. टपाल शेजारी उचलून ठेवतो, मार्चमध्ये परत आल्यावर एक गठ्ठा, त्यात पिझ्झाची कुपनं आणि त्यात कुठेतरी ते पत्र. त्यापेक्षा सोशल सिक्युरिटीच्या वेबसाइटवर आपलं अकाउंट काढून ठेवावं, एसएसए-१०९९ तिथूनच डाउनलोड होतो. हे अकाउंट भारतातून पहिल्यांदा उघडायला जाऊ नका, इथे अमेरिकेत असतानाच काढा, ओळख पटवायला इथला फोन नंबर वगैरे लागतं ते सोपं पडतं.

मग युनियनचा फंड कुठे आला यात? इथे दुसरा गोंधळ आहे आणि तो जास्त चिवट आहे. सिटीच्या युनियनचे वेल्फेअर फंड, म्हणजे डीसी ३७ या सिटी कर्मचाऱ्यांच्या युनियनचा, शिक्षकांच्या यूएफटीचा, हे साधारणपणे औषधं, दात, चष्मा अशा गोष्टी बघतात. पार्ट बी चा परतावा सिटी देते, फंड नाही. लोक युनियनला फोन करतात, "माझे मेडिकेअरचे पैसे आले नाहीत", आणि तिकडून सांगतात सिटीच्या ऑफिसला विचारा, आणि आपल्याला वाटतं टोलवाटोलवी चाललीय, पण या बाबतीत युनियनवाला खरंच बरोबर असतो. उलट फंडाच्या एखाद्या क्लेमसाठी सिटीकडे कागद पाठवणारेही आहेत.

सिटी सोडून दुसरीकडे मात्र चित्र वेगळं असू शकतं. खाजगी नोकरीतल्या काही युनियनचे रिटायरी फंड स्वतःच मेडिकेअर प्रीमियमचे पैसे देतात, बऱ्याचदा हेल्थ रिइंबर्समेंट अकाउंटच्या, म्हणजे आरोग्याचा खर्च परत देणाऱ्या खात्याच्या, रूपात. त्यात आपोआप हा शब्द विसरा. प्रीमियम भरल्याचा पुरावा लावून क्लेम भरायचा, फंडाने ठरवलेली वर्षाची मर्यादा असते, क्लेम भरायची शेवटची तारीख असते, आणि ती चुकली की चुकली. स्टेटच्या नोकरीतल्या लोकांचं अजून तिसरंच, न्यूयॉर्क स्टेटच्या एनवायशिप या हेल्थ प्लॅनवाल्यांना स्टँडर्ड प्रीमियम दर महिन्याच्या पेन्शनच्या चेकमध्येच मिळतो, इर्मासाठी मात्र त्यांनाही दर वर्षी अर्ज. आणि ट्रान्झिटवाल्यांनी, म्हणजे सबवे-बसच्या नोकरीतल्यांनी, सिटीचे नियम आपल्याला लागू आहेत असं धरून चालू नये, त्यांचं सगळं एमटीए या वाहतूक संस्थेकडून वेगळं चालतं. तेव्हा मंडळाच्या पिकनिकला शेजारच्या खुर्चीवरच्या काकांनी सांगितलं म्हणून तसंच करू नका, आधी विचारा काका तुम्ही कुठल्या खात्यातून रिटायर झालात. आणि एकच प्रीमियम दोन्हीकडून घेता येत नाही, सिटीने दिला तर तोच फंडाकडे क्लेम करायचा नाही. टॅक्समध्ये मेडिकल खर्च म्हणून दाखवता तेव्हाही परत मिळालेली रक्कम त्यात धरायची नाही.

फंडाचा संबंध जिथे खरा येतो ती जागा म्हणजे पार्ट डी, औषधांचा भाग. त्यालाही २०११ पासून वेगळा इर्मा आहे. २०२५ ला पहिल्या पायरीवर महिना १३.७०, शेवटच्या पायरीवर ८५.८०. तुमचा औषधांचा प्लॅन युनियनने किंवा सिटीने दिलेला असला, त्याचा प्रीमियम तुम्ही भरत नसलात, तरी तो प्लॅन पार्ट डी म्हणून चालत असेल तर हा इर्मा तुमच्या सोशल सिक्युरिटीतून कापला जातोच. आणि हा सिटी परत देत नाही. वरच्या जोडप्याचे वर्षाला ३२८.८० असेच जातात. फंडाच्या नियमात हा क्लेम बसतो का हे विचारायला युनियनला फोन करा, हा फोन योग्य जागी जाईल.

उशिरा नाव नोंदवल्याचा दंडही सिटी परत देत नाही. हे मुद्दाम लिहितोय कारण "आता कायमचं भारतात जायचं, तिथे मेडिकेअर चालत नाही, मग पार्ट बी कशाला" असं म्हणून ते सोडणारे आहेत. मेडिकेअर भारतात चालत नाही हे खरं. पण तीन वर्षांनी गुडघा बदलायला परत यायचं ठरलं की प्रत्येक पूर्ण बारा महिन्यांमागे १० टक्के दंड लागतो, आणि तो पार्ट बी आहे तोवर लागतो. ज्यांना सिटी प्रीमियम परत देतेय त्यांनी तो सोडण्यात मला तरी काही शहाणपण दिसत नाही.

आता पेन्शनवर जगणाऱ्या माणसाला इर्मा लागतोच कसा? खूप जणांना वाटतं ते श्रीमंतांचं काम आहे. तसं नाही, एखाद्याच वर्षी वाढलेला उत्पन्नाचा आकडा पुरतो, कारण २०२५ चा इर्मा २०२३ च्या रिटर्नवरून ठरतो, दोन वर्षं मागचा. आपल्याकडची नेहमीची दोन कारणं. पहिलं, ७३ व्या वर्षापासून डिफर्ड कॉम्पमधून, म्हणजे नोकरीतल्या रिटायरमेंटच्या बचत खात्यातून, सक्तीने काढावे लागणारे पैसे. दुसरं, कोथरूडचा फ्लॅट विकला. अमेरिकन नागरिक असाल नाहीतर ग्रीन कार्डवर, तर भारतातला नफा इथल्या रिटर्नवर दाखवावा लागतो. "पण भारतात टॅक्स भरला ना, त्याचं क्रेडिट मिळालं ना", हो मिळालं, पण त्या क्रेडिटने टॅक्स कमी होतो, उत्पन्नाचा आकडा कमी होत नाही आणि इर्मा बघतो तो आकडा. एनआरई एफडीचं, म्हणजे परदेशी राहणाऱ्यांच्या भारतातल्या मुदत ठेवीचं, व्याज भारतात करमुक्त असतं, इथे नाही, तेही त्या आकड्यात जातं.

यावर अपील करता येतं, पण सगळ्याला नाही. उत्पन्न कमी व्हायचं कारण रिटायरमेंट, जोडीदाराचा मृत्यू, घटस्फोट असं काही असेल तर एसएसए-४४ फॉर्म भरून सोशल सिक्युरिटीला नवा आकडा धरायला सांगता येतं. स्वखुशीने विकलेला फ्लॅट त्या यादीत बसत नाही, तो इर्मा एक वर्ष सोसायचा आणि सिटीकडून परत घ्यायचा. जोडीदार गेल्यानंतर मात्र हा फॉर्म जरूर बघा, कारण पुढे सिंगल रिटर्न भरायला लागतं आणि रेषा निम्म्यावर येते, उत्पन्न निम्मं झालेलं नसतं तरी. अपील सोशल सिक्युरिटीकडे, परतावा सिटीकडे, हे दोन वेगळे दरवाजे. अपील जिंकलात तर कापलेले पैसे सोशल सिक्युरिटीच परत करते, मग तेवढे सिटीकडे मागायचे नाहीत.

मधे चार वर्षं रिटायर झालेल्यांना मेडिकेअर अ‍ॅडव्हान्टेजवर, म्हणजे खाजगी विमा कंपनी चालवते त्या मेडिकेअरवर, हलवायचं जे चाललं होतं त्यामुळेही काहींना वाटतं परतावा बंद झाला. नाही झाला. ते भांडण रिटायर झालेल्यांना कुठल्या प्लॅनमध्ये टाकायचं यावर होतं, २०२१ पासून कोर्टात गेलं, आणि २०२५ च्या जूनमध्ये महापौर अ‍ॅडम्सनी तो बदल पुढे नेणार नाही असं जाहीर केलं. पार्ट बी चा प्रीमियम त्या सगळ्या काळात भरावा लागत होता आणि परतही मिळत होता.

तर मागच्या वर्षांचे एसएसए-१०९९ काढून बघा. पार्ट बी साठी वर्षभरात कापलेली रक्कम त्या वर्षाच्या स्टँडर्ड प्रीमियमच्या बारा पटीपेक्षा जास्त दिसली, २०२५ साठी २,२२० पेक्षा, तर वरचे बहुधा इर्माचे, उशिराचा दंड असेल तर तो वेगळा काढायचा. मग बँकेत त्या वर्षाची इर्माची रक्कम आली होती का शोधा, आणि आली नसेल तर त्या जुन्या वर्षाचा अर्ज अजून चालेल का हे हेल्थ बेनिफिट्स प्रोग्रामला विचारा, युनियनला नाही.