विंपोल स्ट्रीटवरची ती एक खोली

मुंबईच्या नाट्यरसिकाला ही कथा परिचित आहे ती दीदीराजेंमुळे. राज्य गेले तरी मुलांवरची हुकमत न सोडणारे नंदनवाडीचे महाराज, त्यांची अपंग लेक दीदीराजे आणि तिला जगण्याची उमेद देणारा कवी, अशी मांडणी असलेले पु. ल. देशपांडे यांचे ‘सुंदर मी होणार’ हे नाटक रुडॉल्फ बेझियर यांच्या ‘द बॅरेट्स ऑफ विंपोल स्ट्रीट’ (१९३०) या इंग्रजी नाटकावरून स्फुरले.

मूळ नाटकामागे खरी घटना होती. आपल्या एकाही मुलाने लग्न करू नये, असा एडवर्ड बॅरेट यांचा दंडक होता. त्यांची थोरली मुलगी, कवयित्री एलिझाबेथ, दीर्घ आजाराने लंडनमधील विंपोल स्ट्रीटवरच्या घरातील एका खोलीत अडकून पडली होती. वयाच्या चाळिसाव्या वर्षी, १२ सप्टेंबर १८४६ रोजी, तिने कवी रॉबर्ट ब्राउनिंग यांच्याशी गुपचूप लग्न केले, घरी परतून आठवडाभर काही घडलेच नाही असे दाखवले आणि मग पतीसह इटली गाठली. वडिलांनी तिला अखेरपर्यंत क्षमा केली नाही.

बेझियर यांनी सगळे नाटक त्या एकाच खोलीत घडवले. माझ्या मते त्याचे खरे सामर्थ्य यातच आहे, कारण दार उघडून कोण आत येते एवढ्यावरच तिथे ताण उभा राहतो. न्यूयॉर्कमध्ये १९३१ साली अभिनेत्री कॅथरीन कॉर्नेल यांनी एलिझाबेथ गाजवली आणि २ एप्रिल १९५६ रोजी एनबीसी या अमेरिकी वाहिनीच्या ‘प्रोड्यूसर्स शोकेस’ या कार्यक्रमात तीच भूमिका दूरचित्रवाणीवर केली. हे प्रक्षेपण थेट होते. चुकले तर पुन्हा घेण्याची सोय नव्हती आणि जाहिरातींसह दीड तासात बसवायचे म्हणजे संहितेला कात्री लावणे भाग होते. अशा वेळी एकाच खोलीतले नाटक स्टुडिओला सोयीचे ठरते. मात्र कॉर्नेल तेव्हा ६३ वर्षांच्या होत्या. नाट्यगृहातील अंतर जे वय सहज झाकते, ते जवळ आलेल्या कॅमेऱ्यासमोर झाकणे किती अवघड असेल, याचा विचार त्यांच्या धाडसाबद्दलचा आदर वाढवतो.

त्या वर्षी भारतात दूरचित्रवाणी नव्हती. दिल्लीत १९५९ साली ती प्रायोगिक स्वरूपात सुरू झाली तेव्हा तिच्या आरंभीच्या निर्मात्यांत स्वतः पु. ल. होते. मुंबई केंद्र मात्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले. तोवर मुंबईकरांची दीदीराजेंशी ओळख नाट्यगृहातच झाली होती.