नवी रिम ठरवण्याआधी जुन्या रिमची पाठ बघा
एसयूव्ही ग्राहकांसाठी माहितीपत्रक

"अठरा इंची रिम हवी आहे, पाच होलची. गाडी एसयूव्ही आहे. काय काय दाखवाल?"

आमच्याकडे येणाऱ्या बहुतेक चौकश्या अशाच असतात. सोबत आवडलेल्या डिझाइनचा फोटो असतो, नाहीतर टायरच्या बाजूचा. आम्ही लगेच हो किंवा नाही म्हणत नाही, याचा काहींना राग येतो. एवढ्या माहितीवर रिम बसेल की नाही हे खात्रीने सांगता येत नाही, म्हणूनच आम्ही थांबतो. टायरवर २३५/६५ आर १७ असं लिहिलेलं असेल, तर त्यातला फक्त १७ हा आकडा रिमचा, बाकी सगळं टायरचं. होलमधलं अंतर, मधल्या भोकाचा व्यास, रिम किती आत बसते आणि ती किती वजन पेलते, यातलं काहीही टायरवर लिहिलेलं नसतं.

यातलं बरंचसं जुन्या रिमच्या पाठीवर असतं. चाक काढून उलटं ठेवा आणि ब्रेकची काळी धूळ ओल्या फडक्याने पुसा. स्पोकच्या मागच्या बाजूला किंवा मधल्या बसणीजवळ उठावाची अक्षरं दिसतील, उदाहरणार्थ १७ × ७ जे, ईटी ४५ (१७ इंच व्यास, ७ इंच रुंदी, जे हा रिमच्या कडेचा आकार, आणि ईटी म्हणजे ऑफसेट, रिम किती आत-बाहेर बसते तो आकडा). लोखंडी डिस्क, म्हणजे लोखंडी रिम, असेल तर हेच आकडे बहुधा वॉल्व्हच्या भोकाजवळ ठोकलेले असतात. त्या अक्षरांचा एक स्वच्छ फोटो, गाडीचं मॉडेल आणि वर्ष एवढं पाठवलंत, तर आमचं निम्मं काम तिथेच होतं आणि तुमची एक फेरी वाचते.

दोन गोष्टी मात्र लक्षात ठेवा. फोटो स्टेपनीचा नको. कित्येक गाड्यांत स्टेपनीची रिम अरुंद किंवा लहान असते आणि तिचा ऑफसेटही वेगळा असतो. आणि गाडी जुनी घेतलेली असेल तर तसं आवर्जून सांगा. आधीच्या मालकाने रिम बदललेल्या असतील तर पाठीवरचे आकडे त्या बदललेल्या रिमचे असतात, गाडीच्या मूळ रिमचे नव्हे.

पाच होल म्हणजे एकच माप नाही

आमचा सगळ्यात जास्त वेळ ज्या चुकीत जातो ती हीच. होल मोजले, पाच भरले, म्हणजे पाच होलची कुठलीही रिम बसणार, असं गृहीत धरलं जातं. होलच्या मध्यबिंदूंतून जाणारं वर्तुळ काढलं तर त्याचा व्यास म्हणजे पीसीडी, आणि पाच होलच्या गाड्यांत हा व्यास १००, १०८, ११२, ११४.३, १२० मिलिमीटर असा कितीही असू शकतो. ११४.३ हा आकडा विचित्र वाटतो, पण तो साडेचार इंच आहे. मोठ्या, सहा होलच्या गाड्यांचा १३९.७ म्हणजे साडेपाच इंच.

खरा घोळ ११२ आणि ११४.३ यांच्यात होतो. फरक फक्त २.३ मिलिमीटर. पाच होलमध्ये समोरासमोर होल येत नाहीत, त्यामुळे व्यास सरळ मोजता येत नाही. शेजारच्या दोन होलच्या मध्यातलं अंतर मोजून त्याला १.७०१ ने गुणावं लागतं. ११४.३ साठी हे अंतर सुमारे ६७.२ मिलिमीटर येतं आणि ११२ साठी ६५.८. म्हणजे मोजताना हाती फरक उरतो जेमतेम दीड मिलिमीटरचा. शिंप्याच्या टेपने किंवा शाळेच्या पट्टीने तो कळणं शक्य नाही. आम्ही व्हर्निअरने होलची कड ते कड मोजतो, तेही दोन-तीन जोड्यांवर. सहा होलचं सोपं आहे, समोरासमोरच्या दोन होलच्या मध्यातलं अंतर हाच पीसीडी.

चुकीच्या पीसीडीची रिम बसतच नाही असं असतं तर एवढं लिहायची गरज नव्हती. ती बसते. पहिला नट हाताने जातो, दुसराही जातो, उरलेले पान्याने ओढले की जातात. चाक गाडीवर चढलेलं दिसतं आणि माणूस निश्चिंत होतो. आत मात्र नटाचा उतार रिमच्या उतारावर पूर्ण टेकलेला नसतो, एका कडेला टेकलेला असतो. स्टड, म्हणजे नट ज्यांच्यावर चढतात ते आट्यांचे दांडे, वाकडे ओढले जातात. दर फेऱ्याला तो ताण कमी-जास्त होत राहतो, नट सैल पडू लागतात आणि शेवटी स्टड तुटतो. कुटुंबाला घेऊन हायवेला जाणाऱ्या गाडीवर असलं काम आम्ही करत नाही, ग्राहकाने कितीही आग्रह केला तरी. दोन पीसीडींत तडजोड करणारे डगमगते बोल्ट बाजारात मिळतात. तेही आम्ही ठेवत नाही.

मधलं भोक

पीसीडी जुळला की लोकांना वाटतं काम झालं. पण चाक हबवर (गाडीच्या ज्या फिरत्या भागावर चाक लागतं त्यावर) मधोमध बसवण्याचं काम बहुतेक गाड्यांत मधलं भोक करतं, नटांचं काम दाबून धरण्याचं. मूळ रिमचं मधलं भोक त्या कंपनीच्या हबवर घट्ट बसेल असंच असतं. होंडाच्या अनेक गाड्यांना ते ६४.१ मिलिमीटर आहे, ह्युंडाई आणि किया यांच्या बऱ्याच गाड्यांना ६७.१, फोक्सवॅगनच्या अनेक गाड्यांना ५७.१. बाहेरच्या रिम बनवणारे एकच साचा अनेक गाड्यांना चालावा म्हणून भोक मोठं ठेवतात, ७३.१ वगैरे. मधली फट भरायला प्लास्टिकची किंवा ॲल्युमिनियमची कडी घालतात, तिला हब रिंग म्हणतात.

एकदा एक गृहस्थ गाडी घेऊन आले. ऐंशीच्या पुढे गेलं की स्टिअरिंग थरथरतं, अशी तक्रार. बॅलन्सिंग तीनदा झालेलं, अलाइनमेंट दोनदा, आणि आता कुणीतरी टायर बदलायला सांगितलेलं. आम्ही पुढचं चाक काढलं. हब ६७.१ चं, रिमचं भोक ७३.१ चं आणि कडी नाही. म्हणजे चारी बाजूंनी ३ मिलिमीटर मोकळं. चाक नुसत्या नटांवर लटकलेलं होतं आणि प्रत्येक वेळी काढून लावताना जरा वेगळ्या जागी बसत होतं. बॅलन्सिंगच्या मशीनवर मात्र ते स्वतःच्या मध्यावर फिरतं, त्यामुळे मशीन दर वेळी शून्य दाखवणारच. कडी बहुधा आधीच्या कुठल्यातरी टायर बदलात पडून राहिली असावी. नवी कडी बसवली आणि गाडी शांत झाली. टायर चांगलेच होते, तेच चालू राहिले.

म्हणून आमच्याकडून रिम घेतलीत तर कड्या सोबतच मिळतात आणि बिलावर त्यांचं माप लिहिलेलं असतं. पुढे कुठेही पंक्चर काढलंत तरी चाक परत चढवण्याआधी कडी जागेवर आहे ना, एवढं नजरेखालून घाला. भोक हबपेक्षा लहान असेल तर रिम चढतच नाही, आणि लेथवर भोक वाढवून द्यायला आम्ही तयार नाही.

ऑफसेट: रिम किती बाहेर येणार

ईटी ४५ याचा अर्थ असा की रिम हबला जिथे टेकते तो पृष्ठभाग रिमच्या मध्यरेषेपासून ४५ मिलिमीटर बाहेरच्या, म्हणजे रस्त्याकडच्या बाजूला आहे. आकडा जितका कमी, तितकं चाक गाडीच्या बाहेर येतं. हल्ली रुंद आणि बाहेर आलेली चाकं आवडतात, त्यामुळे हा हिशोब नीट बघा.

समजा मूळ रिम ७ जे, ईटी ४५ आहे आणि तुम्हाला आवडलेली ८ जे, ईटी ३५. अर्धा इंच रुंदी आत, अर्धा इंच बाहेर, म्हणजे प्रत्येकी १२.७ मिलिमीटर. त्यात ऑफसेट १० ने कमी, म्हणजे सगळं चाक आणखी १० मिलिमीटर बाहेर. बाहेरची कड एकूण २२.७ मिलिमीटर पुढे येते आणि आतली कड २.७ मिलिमीटर आत जाते. पावणेतीन मिलिमीटर म्हणजे काहीच नाही असं वाटेल, पण काही गाड्यांत शॉकअप आणि टायर यांच्यात बोटभर जागाच असते. बाहेरचे २२.७ मिलिमीटर कुठे भोवतात? दुकानासमोर उभ्या गाडीत नाही. सात माणसं बसली, डिकी भरली, खड्ड्यात गाडी दबली आणि स्टिअरिंग पूर्ण वळलेलं असलं की तेव्हा टायर मडगार्डच्या अस्तराला घासतो. शिवाय चिखल थेट दारांवर उडतो, स्टिअरिंगला रस्त्याचे धक्के जास्त जाणवतात आणि बेअरिंगवर भार वाढतो.

रुंदी टेपने मोजून सांगणारेही बरेच आहेत. ७ जे ची रिम बाहेरच्या कडा धरून मोजली तर साधारण आठ इंच भरते, कारण ७ हे टायर जिथे बसतो तिथलं आतलं माप आहे. यामुळे सात इंचीची मागणी आठ इंची म्हणून नोंदवली गेल्याचे प्रसंग आमच्याकडे झालेत. म्हणून टेपचं माप आम्ही धरत नाही, रिमच्या पाठीवरचा आकडाच धरतो.

नट जुने चालतील का?

कधी चालतात, कधी नाही. आटे बघावे लागतात (एम १२ × १.५, एम १२ × १.२५ आणि एम १४ × १.५ हे नेहमी दिसणारे), पण त्याहून महत्त्वाची नटाची बसण्याची जागा. बाहेरच्या बहुतेक रिमना ६० अंशांचा तिरका उतार असतो. काही कंपन्यांच्या मूळ रिमना गोलसर बसणीचे नट लागतात, काहींना वॉशरचे सपाट. गोलसर नट तिरक्या उतारावर नुसत्या एका रेषेवर टेकतो. घट्ट केल्यासारखा वाटतो आणि थोड्या दिवसांत ढिला पडतो. नट हाताने फिरवून बघा. १.५ च्या आट्याचा १२ मिलिमीटरचा स्टड असेल तर निदान आठ पूर्ण फेरे बसले पाहिजेत. त्याहून कमी बसत असतील तर ते चाक रस्त्यावर नेऊ नका. जुने नट फेकू नका, स्टेपनीला तेच लागतील, डिकीत पान्याजवळ पिशवीत ठेवा.

वजन

एसयूव्हीसाठी रिम निवडताना हे कुणीच विचारत नाही आणि आम्ही मुद्दाम सांगतो. रिमच्या पाठीवर ती किती किलो पेलते ते बहुधा कोरलेलं असतं. गाडीच्या वजनाच्या पट्टीवर प्रत्येक ॲक्सलचा कमाल भार असतो. तो निम्मा करा. मागच्या ॲक्सलला १३०० किलो असेल तर प्रत्येक रिम किमान ६५० किलोची हवी. छोट्या हॅचबॅकसाठी बनलेली, त्याच पीसीडीची रिम ५०० च्या आसपासची असू शकते. ती चढेल, छान दिसेल आणि एखाद्या खड्ड्यात तिला तडा जाईल. टायरचंही तसंच: भाराचा वर्ग (लोड इंडेक्स) १०० म्हणजे ८०० किलो, १०४ म्हणजे ९००. मूळ टायरपेक्षा खालचा वर्ग घेऊ नका. जेडब्ल्यूएल आणि व्हीआयए या जपानी चाचणीच्या खुणा अनेक रिमवर असतात. ज्या रिमवर वजनाचा आकडाही नाही आणि कुठली खूणही नाही, ती आम्ही विकत नाही. स्वस्त मिळते हे आम्हाला माहीत आहे.

इंच वाढवायचे असतील तर टायरची एकूण उंची जुळली पाहिजे. २३५/६५ आर १७ ची उंची सुमारे ७३७ मिलिमीटर आहे, २३५/६० आर १८ ची ७३९, २३५/५५ आर १९ ची ७४१. ही साखळी बरोबर आहे. पण १७ वरून १९ वर गेलात की टायरची भिंत साधारण १५३ वरून १२९ मिलिमीटरवर येते, आणि खड्ड्याचा मार तेवढा जास्त रिमवर येतो. रस्ते खराब असतील तर आमचा सल्ला १७ किंवा १८ वर थांबण्याचा, जरी १९ च्या रिममध्ये आम्हाला जास्त सुटत असलं तरी. चारही चाकांना ताकद जाणारी गाडी असेल तर चारही टायर एकाच मापाचे हवेत, यात सूट नाही.

टायर चढवण्याआधी नुसती रिम लावून बघतो

"एवढा वेळ का लावता?" हा प्रश्न इथे येतो. नव्या रिमवर टायर चढवण्याआधी आम्ही एक रिम पुढे आणि एक मागे रिकामीच लावतो. हबवर सपाट टेकते का, स्पोकच्या आतली बाजू ब्रेक कॅलिपरला लागते का, हे हाताने फिरवून बघतो. इंच तेच असले तरी स्पोकच्या आकारामुळे कॅलिपर अडू शकतो, आणि हे कुठल्याही आकड्यात दिसत नाही. मग एका रिमवर टायर चढवून स्टिअरिंग दोन्हीकडे पूर्ण वळवतो. तासभर जातो. पण टायर चढलेली रिम परत घेता येत नाही, तिच्या कडेवर मशीनच्या खुणा राहतात. रिकामी लावून बघितलेली रिम मात्र आम्ही विनातक्रार बदलून देतो.

रिम दुसरीकडून घेतली असेल तरी ही तपासणी आम्ही करून देतो. त्याची मजुरी लागते, आणि नंतर तुम्ही आमच्याकडून रिम घेतलीत तर ती बिलातून वजा होते. हवेच्या दाबाचे सेन्सर असतील तर आधी सांगा, म्हणजे ते जुन्या रिममधून सांभाळून काढता येतात.

नट आम्ही टॉर्क पान्याने, गाडीच्या पुस्तिकेत दिलेल्या आकड्यावर आवळतो. बऱ्याच गाड्यांत तो १०० ते १२० न्यूटन-मीटरच्या आसपास असतो. नवी रिम बसल्यावर ५० ते १०० किलोमीटर चालवून पुन्हा या, नट परत तपासून देतो. याला पाच मिनिटं लागतात, पैसे लागत नाहीत आणि वेळ ठरवून यायचीही गरज नाही.